खिडकीकडे तोंड करून

माझी आई दोन गावांत दोन निराळ्या बायका होती. कोडोलीला, म्हणजे वडिलांच्या गावी, तिचा आवाज कुणी ऐकलेला नव्हता. आणि कोल्हापुरात, शुक्रवार पेठेतल्या आमच्या माडीवरच्या दोन खोल्यांत, ती बोलायला लागली की खाली रस्त्यावरची भाजीवाली आपण होऊन भाव उतरवायची. वडील फाउंड्रीत कामाला लागले म्हणून आम्ही शहरात आलो होतो. आईला शहर आवडलं ते रंकाळ्याच्या तळ्यामुळं किंवा दुकानांमुळं नव्हे. इथं तिला मोठ्यानं बोलता यायचं, म्हणून आवडलं.

कोडोलीत बोलता यायचं नाही, कारण तिथं आबा होते. आबा म्हणजे वडिलांचे थोरले भाऊ. माणूस अजिबात वाईट नव्हता. आवाज दणदणीत, आणि आल्यागेल्याला जेवल्याशिवाय सोडायचा नाही. पण आमच्यात थोरल्या दिरासमोर धाकट्या भावाच्या बायकोनं पदर कपाळापर्यंत ओढायचा, नजर खाली ठेवायची, आणि बोलायचं म्हणून नाही. आबांच्या करकर वाजणाऱ्या वहाणा अंगणात ऐकू आल्या की आई हातातलं काम तसंच धरून भिंतीकडं तोंड करायची. काही सांगायचं झालंच तर मी होते. "आबांना म्हणावं, पाणी तापलंय." मी म्हणायची, "आबा, पाणी तापलंय." आबा म्हणायचे, "तुझ्या आईला म्हणावं, आलो." दोघांच्या मध्ये दोन हातांचंसुद्धा अंतर नसायचं. मला या टपालकीचा कंटाळा यायचा आणि मी मुद्दाम निरोप उलटे पोचवायची. मग कोल्हापूरला परत आल्यावर पाठीत धपाटा मिळायचा.

नव्वदीच्या दशकाच्या मध्यावर, एका सकाळी भाकरी थापता थापता आई बाजूला कलंडली. परातीतलं पीठ तिच्या केसांत गेलं होतं. मेंदूच्या बुडाशी रक्त अडकलं, असं डॉक्टर म्हणाले. हात गेले, पाय गेले, मान गेली, जीभ गेली. डोळे तेवढे राहिले, तेही फक्त वर-खाली फिरणारे, आणि पापण्या. बरेच दिवस आम्हाला वाटत होतं की आतलंही सगळं गेलं. मग एका तरुण डॉक्टरनं तिच्यावर वाकून विचारलं, "मावशी, माझं कळत असेल तर डोळे मिटा," आणि आईनं डोळे मिटले. त्यांनी आम्हाला बाहेर बोलावून सांगितलं, "त्यांना सगळं कळतंय. हो असेल तर डोळे मिटायचे, नाही असेल तर उघडे ठेवायचे, एवढं शिकवा." मला आनंद व्हायला हवा होता. पण सगळं कळत असताना आमची आई, भाजीवालीला गार करणारी आमची आई, आता गप्प पडून राहणार हे डोक्यात आलं आणि मला असा संताप आला, की पुढं कितीतरी महिने मी अंबाबाईच्या देवळाची पायरी चढले नाही.

मी तेव्हा एका बालवाडीत शिकवत होते. ते सोडलं. आईला घरी आणलं, पुढच्या खोलीत खिडकीसमोर खाट टाकली. मान वळत नव्हती, म्हणून तिच्या पायांच्या बाजूला खिडकी येईल अशी खाट लावली, म्हणजे समोर काहीतरी दिसावं. कूस बदलणं, पाठीला पावडर लावणं, पातळ पेज थेंबाथेंबानं भरवणं, हे सगळं अंगवळणी पडलं. डॉक्टरांची खूण तर फारच कामाला आली. पंखा लावू? पाणी? कूस? आई डोळे मिटायची किंवा टक्क उघडे ठेवायची. टक्क उघडे ठेवण्यातही तिचा जुना तोरा होता. चुकीचा प्रश्न विचारला की ती असं बघायची की मीच ओशाळायची.

थोड्याच दिवसांत कोडोलीहून आबा आले. खुर्चीवर टेकले, खोलीभर नजर फिरवली आणि वडिलांना म्हणाले, "हितं कसं व्हायचं? तू दिवसभर कामावर. ही पोरगी एकटी किती वडणार? तिकडं सुना हायत, दूधदुभतं हाय. मी घिऊन जातो हिला." वडिलांनी मान खाली घातली. त्यांच्या मनातलंच कुणीतरी बोललं होतं. मी म्हटलं, "आबा, तिला तरी विचारा."

आबांनी घसा खाकरला. आयुष्यात पहिल्यांदा ते आपल्या भावजयीशी थेट बोलणार होते, तेही भिंतीवरच्या कॅलेंडरकडं बघत. "काय, येणार न्हवं कोडोलीला?"

आईचे डोळे मिटलेले होते.

"व्हय म्हनती," आबा म्हणाले.  वडिलांनी डोळे पुसले. दसरा झाला की जीप घेऊन येतो असं ठरवून आबा गेले. दुसऱ्याच आठवड्यात निरोप आला की घराच्या पुढच्या सोप्यालगतची खोली चुना मारून तयार आहे.

मला विचाराल तर मी रुसले. दुसरा शब्द नाही. नोकरी सोडून मी हिचं सगळं करते, आणि ही एका पापणीत मला सोडून जायला तयार! मी पेज भरवायची, पुसायची, कूस बदलायची, पण कोडोलीचा विषय काढायची नाही. वडीलही काढू द्यायचे नाहीत. थोरल्या भावासमोर दिलेला शब्द तिचा असो की त्यांचा, आमच्या घरात तो परत कुणी विचारायचा नसतो. आई मात्र बिघडत चालली. चमच्यातली पेज ओठांतून परत यायची. डोळ्यांच्या कोपऱ्यांतून पाणी कानांपर्यंत जायचं. दुखतंय का म्हटलं की डोळे उघडे. मग काय होतंय? याचं उत्तर हो-नाहीत कसं द्यायचं!

दसऱ्याच्या आधी आबा पुन्हा आले. मी आईला भरवत होते. जिन्यावर वहाणांची करकर ऐकू आली आणि माझ्या डोळ्यांदेखत आईचे डोळे मिटले. आबा अजून दारातसुद्धा नव्हते. कुणी काही विचारलं नव्हतं. माझा चमचा तिथंच थांबला.

आबा आत आले. "बरं हाय न्हवं?" डोळे मिटलेले. "कुटं दुखतंय का?" मिटलेले. "आगं, दुखतंय म्हनती की ही! डॉक्टरला बलवा की!" मी आईच्या कानाशी वाकून, पण आबांना ऐकू जाईल असं विचारलं, "आई, रंकाळ्यात ऊस लावलाय का गं?" आबांनी माझ्याकडं वेड लागल्यासारखं बघितलं. आईचे डोळे मिटलेलेच होते.

मग मी तिचं डोकं बघितलं. दवाखान्यात केस बारीक कापलेले, अंगात गाऊन. पदर नव्हताच. एक हात जरी हलला असता तरी तिनं काहीतरी डोक्यावर ओढलं असतं, नाही तर भिंतीकडं तोंड केलं असतं. मान वळत नव्हती, हात हलत नव्हता. दिरासमोर उघड्या डोक्यानं पडलेल्या माझ्या आईकडं ओढून घ्यायला पापण्या तेवढ्या उरल्या होत्या.

आबा जाईपर्यंत मी गप्प राहिले. वहाणांचा आवाज गल्लीत विरला तसे तिचे डोळे उघडले. मी विचारलं, "आई, तुला कोडोलीला जायचंय?" तिनं डोळे उघडे ठेवले. पापणी लवू नये म्हणून ती इतका जोर करत होती, की डोळ्यांत पाणी भरलं आणि तरी तिनं ते मिटले नाहीत. मी तिच्या छातीवर डोकं ठेवून रडले. रुसवा, राग, सगळं त्या गाऊनवर गेलं.

त्या दिवसापासून खूण बदलली. हो असेल तर वर बघायचं, छताच्या तुळईकडं. डोळे मिटणं आम्ही तिचं तिला परत दिलं.

वडिलांना हे पटेना. "दादांसमोर हो आणि तुझ्यासमोर नाही? तिला नीट समजत नसंल. दादांनी खोली केली, माणसं लावली. आता त्यांना काय सांगू? पोरगी म्हणती म्हणून?" त्यांचंही चुकत नव्हतं. वर-खाली फिरणाऱ्या दोन डोळ्यांतून मी मला हवं तेच वाचतेय, असं कुणीही म्हटलं असतं. म्हणजे आईनं स्वतःच्या शब्दांत बोलायला हवं होतं, आणि दसरा तर तोंडावर आला होता.

मी बालवाडीतून मुळाक्षरांचा तक्ता मागून आणला. त्यावर कमळ, खटारा, गवत अशी चित्रं होती. आईनं त्याच्याकडं असं बघितलं की मी तो लगेच गुंडाळला. गेल्या वर्षीच्या कॅलेंडरच्या पाठीवर जाड पेननं स्वतःचा तक्ता केला. एका ओळीत स्वर, मग क, च, ट, त, प यांच्या ओळी, शेवटी य पासून ज्ञ पर्यंत. मी ओळींची पहिली अक्षरं म्हणत जायची. हवी ती ओळ आली की ती वर बघायची. मग त्या ओळीतली अक्षरं. मग काना, वेलांटी, उकार. बालवाडीतल्या पोरांकडून जे घोकून घेतलं तेच आता मी आईसमोर घोकत होते.

पहिल्या दिवशी पहिला शब्द यायला चहा गार होईल इतका वेळ लागला. त, थ, द. वर. काना? नाही. वेलांटी? नाही. दू. मग ध. "दूध!" मी ओरडलेच. आई बोलली होती! "दूध पाहिजे? देते हं, पातळ करून देते." डोळे टक्क उघडे. "नको? मग गार पाहिजे?" टक्क. तेवढ्यात करपल्याचा वास आला. स्वयंपाकघरात दूध उतू जाऊन ओट्यावरून खाली गळत होतं. तिला वास आला होता, मी तक्त्यात बुडाले होते. मी फडकं घेऊन धावले, आणि परत आले तेव्हा तिच्या डोळ्यांत तेच होतं जे पूर्वी धपाटा घालताना असायचं. आजारपणानंतर पहिल्यांदा मी खदखदून हसले.

दसऱ्यानंतरच्या रविवारी आबा जीप घेऊन आले. मागं गादी घातली होती, उशा होत्या. वडील घरीच होते, हात चोळत उभे. आबा आत आले, आईचे डोळे मिटले. मी दारातच म्हटलं, "आबा, तिला यायचं नाही."

"म्हंजे? माज्यासमोर व्हय म्हनली की ती!"

"तुमच्यासमोर ती हो म्हणत नाही, आबा. ती पदर घेते."

 वडील म्हणाले, "अगं, काय बोलतीस," पण आबांनी हात वर केला. ते आईकडं बघत राहिले, त्या मिटलेल्या डोळ्यांकडं, बारीक कापलेल्या केसांकडं. इतक्या वर्षांत त्यांनी तिचा चेहरा कधी असा उघडा बघितला नसणार. त्यांचा चेहरा तांबडा झाला. त्यांनी खुर्ची उचलली, खिडकीशी नेली आणि आमच्याकडं पाठ करून बसले.

"आता इचार," ते रस्त्याकडं बघत म्हणाले. "मोठ्यानं. मला ऐकू आलं पायजे."

मी तक्ता हातात घेतला.  आईनं आता काही सांगितलं नाही, किंवा मध्येच दमून डोळे मिटले, तर जीप खाली उभी होती. मी कानाशी म्हटलं, "आई, आबांची पाठ हाय तुझ्याकडं. उघड." तिनं हळूच डोळे उघडले. समोर खिडकी, आणि खिडकीत आबांचा कोट आणि टोपी. ती बराच वेळ त्या पाठीकडं बघत राहिली. मी ओळी म्हणायला लागले.

त आला. वेलांटी. पुन्हा त, वर टिंब. "तितं," मी मोठ्यानं म्हटलं. मग ड. "डोळं?" मी विचारलं, आणि तिनं वर बघितलं. क. व, काना. "कवा." आबा हलले नाहीत. खाली कुणीतरी जीपचा हॉर्न वाजवला. वडिलांनी खिडकीतून हात करून गप्प केलं. स्वरांच्या ओळीत ती उ वर थांबली, मग घ, मग ड, आणि दुसरा उकार. तिच्या कपाळावर घाम आला होता. मी तो पुसला आणि सगळं एकत्र वाचलं.

"तितं डोळं कवा उघडू?"

वडील भिंतीला टेकून खाली बसले. कोडोलीच्या त्या घरात सोप्यालगतच्या खोलीसमोरून दिवसभर आबांची ये-जा. वहाणांची करकर सकाळी सुरू व्हायची ती रात्री निजेपर्यंत. हे मला सुचलं नव्हतं, वडिलांना सुचलं नव्हतं. तिला पहिल्याच दिवशी कळलं होतं, आणि सांगता येत नव्हतं.

 आबांनी टोपी काढून पुन्हा घातली आणि वळून न बघता उठले. "ऱ्हाऊ दे तिला हितंच," एवढं म्हणून जिना उतरले. जीप रिकामी गेली.

मला वाटलं आबा आता येणार नाहीत. पण पंधरवड्यात वहाणा जिन्यावर वाजल्या. हातात दुधाची किटली. आत येऊन त्यांनी कुणाकडं न बघता खुर्ची उचलली, खिडकीशी नेली, पाठ करून बसले आणि म्हणाले, "हं. काय म्हनती तुजी आई?" तेव्हापासून तेच झालं. वर्षामागून वर्षं आबा आमच्या खिडकीत रस्त्याकडं तोंड करून बसत गेले आणि आई त्यांच्या पाठीकडं बघत बोलत गेली. निरोप अजून माझ्याच तोंडून. "तुझ्या आईला म्हणावं, औंदा खोडवा ठिवावा म्हनतो उसाचा." मी ओळी म्हणायची. उत्तर यायचं: "मला काय इचारता." आबा पाठमोरेच इतके हसायचे की खुर्ची कुरकुरायची. एकदा तिनं त्यांच्या कोटाची शिवण उसवल्याचं सांगितलं. पुढच्या खेपेला कोट शिवलेला होता. लग्नानंतर ज्या दोघांनी एक शब्द एकमेकांशी काढला नाही, ते आता एका तक्त्यावर तासन्‌तास गप्पा मारत होते. सगळ्यात जास्त घसा मात्र माझा बसायचा.

कॅलेंडर फाटलं, नवीन केलं, तेही फाटलं. पुढं पुढं तक्ता लागेनासाच झाला. आईला आणि मला ओळी पाठ होत्या. नवं शतक लागलं, गल्लीत पोराटोरांच्या हातांत मोबाइल आले, वडील फाउंड्रीतून निवृत्त झाले. आईच्या छातीत कफ साठायला लागला. डॉक्टर येऊन जायचे आणि जिन्यात वडिलांशी हळू आवाजात बोलायचे. आईला ते ऐकू यायचं. तिच्या आतलं काहीच गेलेलं नव्हतं.

त्या दिवसांत आबा आले ते नातवाचा हात धरून, वहाणा घसटत. नातू खालीच थांबला. आबा नेहमीसारखे खिडकीत बसले. मी शेजारच्या स्टुलावर चहा ठेवला. ते काही विचारेनात. आईनं माझ्याकडं बघितलं, मग वर. तिला बोलायचं होतं. मी ओळी म्हणायला लागले. आता तिचे डोळे लवकर दमायचे, दोन अक्षरांत मध्येच थांबावं लागायचं.

व. मग ळ, काना.

"वळा?" मी विचारलं. तिनं वर बघितलं.

"आबा, ती म्हणतेय, वळा."

"कुनाला?"

"तुम्हाला."

 आबा खुर्चीच्या पाठीला धरून उठले, खुर्ची फिरवली आणि आईकडं तोंड करून बसले. आईचे डोळे उघडे होते. पदर नव्हता, मधे मी नव्हते, आणि ती आपल्या थोरल्या दिराकडं सरळ बघत होती. आबांनी मात्र डोळे घट्ट मिटून घेतले होते.

तिला अजून काही सांगायचं होतं. मी पुन्हा सुरुवात केली. च. य. "च्या?" वर. घ, य. "घ्या?" वर. मला वाटलं संपलं, पण तिनं नजर काढली नाही. भ, काना. व. ज, वेलांटी.

आजवर तिनं त्या माणसाला हजारदा चहा करून दिला होता. कधी पडद्याआडून, कधी माझ्या हातून. हाक कधी मारली नव्हती. "आबांना म्हणावं" यापलीकडं त्यांचं नातं तिच्या तोंडात कधी आलं नव्हतं. मी ते वाचलं, तिच्या वतीनं नाही, जसंच्या तसं.

"च्या घ्या, भावजी."

आबांचा हात स्टुलावर चाचपडायला लागला. मी कपबशी उचलून त्यांच्या हातात दिली. चहा केव्हाच गार झाला होता, त्यावर साय आली होती. आबा तो सगळा डोळे मिटूनच प्यायले.